कापेन्ता म्हणजे मातेम्बा नव्हे

कांफाता नाका
रविवार, १४ जानेवारी २००१

मामा,

आधी आईचा नमस्कार, मग मादालोचा, मग माझा.

तुमचं जिनिव्हाचं पत्र शुक्रवारी पोचलं. पाकिटावर तुम्ही माझं नाव लिम्बिकानी असं पूर्ण लिहिलंत, बरं वाटलं. नाक्यावर सगळे लिम्बीच म्हणतात.

यादीचं काम पूर्ण करून मी मंगळवारच्या बसने राजधानीला पाठवलं. डोक्यावरून माल नेणाऱ्या बायकांना सरहद्दीपलीकडे कोणत्या मालावर जकात पडणार नाही, ते आपल्या भाषेत सांगणारी अकरा पानं. मसुदा तामांदानीचा. त्यात एक्केचाळीस चुका निघाल्या. बहुतेक र आणि ल यांच्या. बोलताना आपल्याला दोन्ही सारखेच. पण लिहिताना, नावं सोडली तर, इ आणि ए यांच्यानंतर र, बाकी सगळीकडे ल, हे चौथीत शिकवतात. मी चौथीत होतो तेव्हा तोही माझ्याच बाकावर होता. पुढे तो पदवीधर झाला आणि तुमच्या व्यापार खात्यात लागला, मी दहावीच्या आतच थांबलो, पण हा नियम काही बदललेला नाही.

मी फक्त शब्द तपासले. कोणत्या मालाचं नाव ठेवायचं आणि कोणतं काढायचं हे पलीकडे लुसाकाच्या बैठकीत ठरलं. त्या बैठकीला तुम्ही त्याला नेलं होतं, मला नाही. म्हणून त्यात मी हात घातला नाही. सातव्या पानाच्या समासात पेन्सिलीची पुसट खूण दिसेल. ती मीच केली आणि मीच खोडली. महत्त्वाचं काही नव्हतं.

आता मादालोचं. मुलाकडच्यांचा निरोप आला आहे. जुलैत कोंबड्यांची अदलाबदल करून लग्न पक्कं करायचं म्हणतात. तुम्ही आईला लिहिलंत की तुम्ही याल, आणि या वेळी एका भाच्याला चटईवर शेजारी बसवाल. घरातर्फे बोलायचं काम तुमच्यानंतर त्याच्याकडे जाईल. दोघांपैकी कोण ते मेपर्यंत ठरवाल. आईने ते पत्र माझ्याकडून तीनदा वाचून घेतलं. तिसऱ्यांदा मी "दोघांपैकी" हा शब्द जरा हळू वाचला.

मला काही मागायचं नाही. एवढंच लक्षात आणून देतो की मी तामांदानीपेक्षा चार महिन्यांनी मोठा आहे. मागच्या पत्रात पाच लिहिलं होतं, ते चुकलं. आईने गिरिजाघरातली नोंद वाचून घेतली. आणि मादालो माझी पाठची बहीण आहे. तामांदानी मावशीचा. आपल्यात मावशीचा म्हणजे सख्खाच, मान्य. तरी.

आम्ही अकरा वर्षांचे असताना तुम्ही आम्हा दोघांना आंब्याखाली बसवून शुद्धलेखनाचे पंचवीस शब्द घातले होते. माझी एकही चूक नव्हती. त्याच्या तीन होत्या. मग त्याने तुम्हाला विचारलं, "मामा, हे शब्द तुम्हीच का निवडलेत?" तुम्ही हसलात. दुसऱ्या आठवड्यात राजधानीच्या शाळेसाठी त्याची पत्र्याची पेटी तुमच्या गाडीत चढली. मी तक्रार करत नाही. प्रश्न विचारायचा असतो, हे मला कुणी सांगितलं नव्हतं, एवढंच.

तुमचा भाचा
लिम्बिकानी


कांफाता नाका
रविवार, ४ मार्च २००१

मामा,

यादी छापून आली आणि ती बायकांना समजावून सांगायला तामांदानी स्वतः आला. खात्याच्या पिकअपमधून, बंद गळ्याचा सदरा घालून. बूट नवे होते. चिखलात घालायला जिवावर येत असावं, कारण तो दगडांवरूनच चालत होता.

माझं टेबल नाक्याच्या झाडाखाली असतं, हे तुम्हाला माहीत आहे. पलीकडे जाणाऱ्यांचे फॉर्म मी भरून देतो. त्याच झाडाखाली त्याने पन्नासेक बायका जमवल्या. म्हणजे सावली माझी, गर्दी त्याची.

"आयांनो," तो म्हणाला, "एक एप्रिलपासून झुडपांतून जायचं बंद. रस्त्याने जायचं, साहेबासमोरून, मान वर करून!"

"मान वर केली तर टोपली पडेल की रे, बाळा!" नामवाले म्हणाली. सगळ्या हसल्या. नामवालेला तुम्ही ओळखता, आईबरोबर चिल्वा तळ्याची सुकी मासळी विकते ती, जिचा एक दात सोन्याचा आहे असं ती सांगते.

"एनेलेसी, हा तुझाच ना गं?" तिने आईला विचारलं.

"माझाच," आई म्हणाली. आपल्यात असंच म्हणायचं असतं. पण ती फार मोठ्याने म्हणाली.

मग त्याने यादी वाचली. मका, शेंगदाणे, घेवडा, कापेन्ता.

"थांब," नामवाले म्हणाली. "कापेन्ता ऐकलं. आमची मातेम्बा कुठंय त्यात?"

"तीच की, आई. पलीकडचे लोक कापेन्तालाच मातेम्बा म्हणतात, आणि मातेम्बाला कापेन्ता. लुसाकात त्यांनीच सांगितलं. एकच मासा दोनदा कशाला लिहायचा? एक नाव खोडलं." मग तो माझ्या टेबलाकडे वळला. "हो ना रे लिम्बी? तू तर सुकटीतच वाढलास."

नेमका तेव्हा एक ट्रक सुरू झाला. मला नीट ऐकू आलं नाही. मी फॉर्म भरत होतो.

तो गेल्यावर बायका बराच वेळ त्याच्याबद्दल बोलत होत्या आणि मग, त्याच्यावरून, तुमच्याबद्दल. नामवालेने तुमची ती ब्रसेल्सची गोष्ट पुन्हा सांगितली. साखरेच्या बोलणीत गोऱ्यांनी आकडा सांगितला आणि तुम्ही उत्तरच दिलं नाही. खिशातून शेंगा काढल्या आणि एकेक सोलून खात बसलात. शेंगा संपेपर्यंत त्यांनी आकडा दोनदा वाढवला. तिच्या गोष्टीत आता शेंगांचं पोतं झालं आहे. मी म्हटलं, "मूठभर होत्या. मामांनी मला स्वतः सांगितलंय." ती म्हणाली, "तुला सगळं मोजूनच लागतं का रे?"

पण खरं ते खरं. तुम्ही एकोणिसाव्या वर्षी शेंगदाणा खरेदीच्या ठाण्यावर वजनं लिहायला लागलात, माझ्यासारखेच टेबलावर बसून. तिथून परीक्षा देत देत खात्यात गेलात. एकतीस वर्षांत तुम्ही सतरा करारांच्या बोलणीत बसलात. मी त्यांची यादी करून ठेवली आहे, सालांसकट. तामांदानीला विचारा, त्याला दहा तरी सांगता येतात का. करार पहिल्या पानावर होत नाही, शेवटच्या जोडयादीत होतो, हे तुम्ही मलाच सांगितलं होतं. आणि बोलणीत समोरचा बोलत असताना मान हलवायची नाही, कारण मान म्हणजे सही, हेही. मी दोन्ही लिहून ठेवलं आहे.

मुलाकडचे विचारत होते, मुलीच्या घरातर्फे कोण बोलणार? मी तुमचं नाव सांगितलं. "शेजारी कोण?" म्हणाले. मी म्हटलं, मामा कळवतील.

लिम्बिकानी


कांफाता नाका
सोमवार, ९ एप्रिल २००१

मामा,

वाईट बातमी आहे, आणि ती तुम्हाला खात्याकडून कळण्याआधी नीट क्रमाने कळावी म्हणून लिहितो.

मंगळवार, ३ एप्रिल. आई, नामवाले आणि आणखी एक बाई सात टोपल्या मातेम्बा घेऊन पलीकडे गेल्या. फॉर्म मीच भरले होते. यादीत जे नाव होतं तेच लिहिलं, कापेन्ता. मी मनाने काही लिहीत नाही.

पलीकडच्या साहेबाने टोपलीवरचा चितेंजेचा कपडा उचलला, मासा चिमटीत धरला, फॉर्म वाचला.

"कापेन्ता? हे कापेन्ता नाही. कापेन्ता मोठ्या धरणातला, पांढरा, चकचकीत. हे काय आणलंय, काळपट?"

"मातेम्बा आहे, साहेब," आई म्हणाली.

"मातेम्बा म्हणजेच कापेन्ता."

"मग आहे की!"

"पण हे कापेन्ता नाही."

"अहो, तुमच्या बायकोला विचारा, ती याला काय म्हणते ते."

"माझी बायको यादीत नाही," साहेब म्हणाला.

नामवाले हे सांगताना हसवत होती. पण साहेबाने माल खोटा लिहिला म्हणून टोपल्या ठेवून घेतल्या आणि वरून पत्र येईपर्यंत सोडता येणार नाहीत म्हणाला. पत्र्याच्या खोलीत ठेवल्या. बुधवारपासून शनिवारपर्यंत पाऊस होता, या वर्षीचा शेवटचा. खोली गळते. रविवारी त्यांनी सातही टोपल्या खड्ड्यात टाकून वर चुना टाकला. आई काठावर उभी होती. तिने फक्त टोपल्या परत मागितल्या. त्याही दिल्या नाहीत.

चूक कुठे झाली ते साधं आहे. आपल्याकडे मातेम्बा हा वेगळा मासा. पलीकडे मातेम्बा हे कापेन्ताचंच दुसरं नाव. शब्द एक, मासे दोन. लुसाकात त्यांनी म्हटलं, दोन्ही एकच, एक खोडा. आणि तामांदानीने आपल्याच आईचा मासा खोडला. चिल्वाच्या सुकटीचा वास नाकात घेऊन जो वाढला, त्याच्याकडून हे झालं नसतं. राजधानीच्या शाळेत पानात मासा शिजलेला येतो.

दुरुस्तीचा मजकूर सोबत जोडला आहे. तो असा हवा: "कापेन्ता (सुकवलेला), मातेम्बा (सुकवलेली), चिल्वा व इतर तळ्यांतील." स्वल्पविराम महत्त्वाचा आहे. मला कोणी विचारलं असतं तर मी हे आधीच सांगितलं असतं.

यादीवर सही तुमची आहे, याची मला फार काळजी वाटते.

लिम्बिकानी


कांफाता नाका
रविवार, २० मे २००१

मामा,

तुमचं पत्र मिळालं. मी ते आधी एकट्याने वाचलं, मग आईला वाचून दाखवलं. "चटईवर लिम्बिकानी बसेल." एवढंच एक वाक्य मी मादालोला दोनदा म्हणून दाखवलं. ती म्हणाली, "बरं झालं दादा, आता तरी तुझी भूक भागेल." तिला काय म्हणायचं होतं कळलं नाही.

मी सदरा शिवायला टाकला आहे. पांढरा. मुलाकडचे काय विचारतील आणि मी काय उत्तर द्यायचं, याची वही केली आहे.

तामांदानीला चौकशी संपेपर्यंत कामावरून दूर केलं आहे. मावशीकडे न जाता तो आमच्याकडेच आला. पत्र्याची पेटी तीच. सकाळी उठून आईबरोबर शेंगा उपटायला जातो. त्याचे हात मऊ आहेत, फोड आले. आईने तेल लावून दिलं. माझ्याही हातांना टाइपरायटरने घट्टे पडलेत, पण ते आतल्या बाजूला आहेत, दिसत नाहीत.

एक लिहितो, तुम्ही हसाल. काल जेवताना आईने मक्याच्या न्सीमाचा पहिला गोळा त्याच्या ताटात ठेवला. ज्याच्यामुळे तिच्या टोपल्या चुन्यात गेल्या, त्याच्या. मी त्या गोळ्याकडे पाहत राहिलो. नामवाले शेजारीच होती, ती म्हणाली, "काय रे लिम्बी, ताट मोजतोस?"

"पाहुणा आहे," आई म्हणाली.

"परवा माझाच म्हणत होतीस," मी म्हणालो. मला म्हणायचं नव्हतं.

नंतर शेंगांच्या ढिगाशी आम्ही दोघेच होतो. मी त्याला विचारलं, "चौकशीत काय लिहून दिलंस?"

"खरं तेच. मसुदा माझा. लुसाकात खोडलं मी. कोणाला विचारलं नाही."

"कोणालाच नाही?"

"कोणाला विचारायचं?" तो शेंगांची माती झटकत होता. "मामांनी पत्रात विचारलं होतं, मी झाडाखाली तुला विचारलं तेव्हा ट्रक सुरू झाला होता का म्हणून."

"मग?"

"मी लिहिलं, झाला होता. मोठा होता. कापसाचा."

म्हणजे दोघांचं म्हणणं जुळतं. तरी मामा, तुम्ही त्याला ट्रकबद्दल का विचारलंत? मी तुम्हाला लिहिलं होतं ते पुरेसं नव्हतं का?

तो म्हणाला, "चटईवर तूच बस, लिम्बी. तू बरोबर बोलशील. मी बोलायला लागलो की लोक हसतात आणि मग मला वाटतं की त्यांना पटलं."

असं बोलणाऱ्याशी भांडायचं कसं, हे मला कळत नाही. भांडण झालं असतं तर बरं झालं असतं.

तुमचीही चौकशी चालू आहे, असं तो म्हणाला. ऑक्टोबरचा तंबाखूचा करार, ज्यासाठी तुम्ही सहा वर्षं घातलीत, त्यावर सही करायला तुम्हाला ठेवतील की नाही सांगता येत नाही म्हणे. हे तुम्ही मला लिहिलं नाहीत. त्याला लिहिलंत.

लिम्बिकानी


कांफाता नाका
सोमवार, ११ जून २००१

मामा,

ट्रक नव्हता.

कापसाचा नव्हता, कशाचाच नव्हता. त्या दिवशी नाक्यावर एकही गाडी सुरू नव्हती. खात्याची पिकअपसुद्धा बंद होती, चालक आत झोपला होता. तामांदानीने विचारलं ते मला शब्द न् शब्द ऐकू आलं. पन्नास बायकांनी माझ्याकडे पाहिलं. आईने पाहिलं. मी मान हलवली.

एकदाच. खाली आणि वर.

त्यांनी त्यावर विश्वास ठेवला, कारण मी कधी चुकीचं लिहीत नाही.

आणि ते पहिल्यांदा नव्हतं. सातव्या पानाच्या समासात जानेवारीत मी पेन्सिलीने लिहिलं होतं: "मातेम्बा वेगळी. खोडू नये." मग मी कल्पना केली की मसुदा तुमच्यापुढे जाईल, तुम्ही ते वाचाल, तामांदानीला बोलावून विचाराल, तो कपाळावर हात मारेल, "बरं झालं लिम्बीने पाहिलं" म्हणून मोठ्याने हसेल, तुम्हीही हसाल, आणि चूक त्याची असूनही हसण्यात मी नसेन. मी खोडरबर घेतलं. ते काम दोन मिनिटांचं होतं. मी ते नीट केलं. कागद फाटला नाही.

मला वाटलं होतं, चूक नाक्यावर एका दिवसात उघडी पडेल, त्याची फजिती होईल आणि तुम्ही मला पत्र लिहाल. तेवढंच झालं. मधे आईच्या टोपल्या येतील असं मी धरलं नव्हतं. ३ एप्रिलला तिचा फॉर्म माझ्यापुढे होता तेव्हा मात्र येत होत्या. मी कापेन्ता लिहिलं. अक्षर चांगलं आलं होतं.

बोलणीत मान म्हणजे सही, हे तुम्ही मला शिकवलंत. ते वाक्य माझ्या वहीत आहे. त्यामुळे यादीवर सही कोणाची, या प्रश्नाचं उत्तर तुमची एकट्याची नाही.

सोबत खात्याच्या चौकशीसाठी माझा जबाब आहे, तीन प्रती, तिन्हींवर सही. मूळ प्रत मी आजच सरळ राजधानीला पाठवली आहे, म्हणजे तुम्हाला ती थांबवता येणार नाही. तुम्ही थांबवली असती असं मला वाटत नाही. पण माझ्यासाठी थांबवली असती असं वाटून घ्यायचं होतं, म्हणून लिहिलं.

चटईवर मी बसणार नाही. जो घरातर्फे बोलतो त्याची मानसुद्धा घराची असते. तामांदानीला बसवा.

हे लिहून बरं वाटेल असा माझा समज होता. वाटत नाही. खोटं तोही बोलला, ट्रकबद्दल, तुमच्याशी. आणि त्याच्या खोट्यानेही तोच मोठा झाला. माझं खरं उशिरा आलं. हेही मी मोजतोच आहे, मामा. मला थांबवता येत नाही.

लिम्बिकानी


कांफाता नाका
रविवार, २९ जुलै २००१

मामा,

हे पत्र राजधानीतल्या घरी पाठवतो आहे. तुम्ही सामान बांधताय असं आईने सांगितलं. पुढचा पत्ता कळवाल तर बरं, नाही कळवलात तर आई विचारेल.

माझ्या जूनच्या पत्राला तुमचं उत्तर आलं होतं. एकच ओळ होती: "पत्र मिळालं, शुद्धलेखनाची चूक आढळली नाही." मी ती ओळ कोणाला वाचून दाखवली नाही.

चौदा तारखेला तुम्ही आलात तेव्हा मी कोंबडी धरून मागे उभा होतो. चटईवर तुम्ही आणि तामांदानी. मुलाकडचा म्हातारा फार ताणून बोलत होता. "आमचा कोंबडा उपाशी आहे, तुमच्या घरात दाणे आहेत ना?" तामांदानीला उत्तर येईना. तो तुमच्याकडे पाहायला लागला. तुम्ही समोर पाहत राहिलात. मला उत्तर येत होतं. वहीत होतं, चौथ्या पानावर. मी तोंड मिटून ठेवलं. मग तो म्हणाला, "दाणे आहेत, आजोबा, पण आमची कोंबडी आधी आपलं पोट भरते." सगळे इतके हसले की म्हाताऱ्याने टोपी काढली. माझं उत्तर बरोबर होतं. पण कोणी हसलं नसतं.

तुम्ही माझ्याशी बोलला नाहीत. हात धुवायला पाणी मी आणलं, तुम्ही हात धुतलेत. मी ते बोलणं म्हणून धरलेलं नाही.

तुम्ही तीस जूनला, मुदतीच्या सहा महिने आधी, निवृत्ती घेतलीत हे मला तामांदानीकडून कळलं. चौकशीत तुम्ही म्हणालात म्हणे, की भाच्यांनी काय केलं ते भाच्यांचं; सही करण्याआधी जोडयादी वाचायची ती मी वाचली नाही. तामांदानी परत कामावर गेला. तंबाखूच्या करारावर ऑक्टोबरमध्ये दुसरं कोणीतरी बसेल. माझ्या वहीत सतरा करार आहेत. अठराव्याची ओळ मी आखून ठेवली होती. ती तशीच राहील.

बायकांना मी स्वतः सांगितलं. त्याच झाडाखाली, सोमवारी, बाजाराच्या आधी. फार बोललो नाही. ऐकू आलं होतं, माहीत होतं, मान हलवली, असं सांगितलं. कोणी ओरडलं नाही. नामवाले म्हणाली, "जळायचं तर जळ रे. पण आमच्या सुकटीवर?" आणि उठून गेली.

आई सर्वांत शेवटी उठली. "तुझ्या पोटात दुखतं हे मला त्या पंचवीस शब्दांपासून माहीत आहे," ती म्हणाली. "मला वाटलं, कधीतरी मला सांगशील. मी समजूत काढली असती." मग टोपली उचलायला तिने मला हाक मारली नाही, तिसऱ्याच बाईला मारली.

नाक्यावर आता सेकानी नावाचा एक जण फॉर्म भरायला आला आहे. त्याचं टेबल उन्हात आहे. तो र आणि ल यांत भेद करत नाही, तारखेत महिना आधी लिहितो, आणि शाई सांडतो. रांग त्याच्यापुढे असते. माझ्याकडे ट्रकवाले येतात, ज्यांना काही माहीत नाही ते.

दुरुस्त यादी बुधवारी नाक्याच्या भिंतीवर लागली. गुरुवारी आई पाच टोपल्या घेऊन आली आणि सेकानीच्या रांगेत उभी राहिली. मी माझ्या जागेवरून त्याचा कागद उलटा वाचू शकतो. त्याने तिचं नाव अनालेसी लिहिलं. मी गप्प बसायचं ठरवलं होतं. मग ती अंगठा उठवायला वाकली, आणि मला राहवलं नाही.

"आई," मी जागेवरूनच म्हणालो, "नाव चुकलंय तुझं."

तिने अंगठ्याची शाई चितेंजेच्या टोकाला पुसली. माझ्याकडे पाहिलं नाही.

"राहू दे," ती म्हणाली. "मासा बरोबर लिहिलाय ना?"

मी पुन्हा वाचलं. मातेम्बा. सगळी अक्षरं होती.

"बरोबर आहे," मी म्हणालो. तिने टोपली डोक्यावर घेतली आणि ती साहेबाकडे निघाली.

लिम्बिकानी